कोटाची दुसरी शेपटी

"कोट कुणी धुतला?"

"मला काय विचारताय? मी कपडे शिवते. धुणं माझ्याकडे नाही."

"तुमच्या खोलीत, तुमच्या खिळ्याला टांगलेला होता तो. म्हणजे काय, तो आपल्या पायांनी उतरला, नदीवर गेला, आंघोळ केली, भांग पाडला आणि परत येऊन खिळ्यावर चढून बसला?"

"आवाज खाली करा, बोजेत्ती. बाहेर माणसं आहेत."

"कशाला खाली करू? मुकी चित्रं काढतो आपण, मादामा ओत्ताविया. घसा फुटेस्तोवर ओरडलं तरी कॅमेऱ्याला ऐकू जात नाही. अर्धं चित्र काढून झालंय. त्यात हा कोट काळाकुट्ट आहे, मळका आहे, एक शेपटी कुत्र्याने तोडून नेलेली आहे. आणि आता हे बघा ध्यान. नवरदेवाचा झालाय. पोलिसापुढे पळणारा भिकारी कोपऱ्यावरून वळतो आणि पलीकडे लग्नाला उभा राहतो, असं दाखवू लोकांना?"

"मी हात लावला नाही त्याला."

"ऊन आहे तोवर वेळ आहे तुम्हाला. होता तसा करून द्या. नाही झाला, तर आपली कात्री उचला आणि चालू लागा. मालकांना काय सांगायचं ते मी सांगतो."

लाकडी चौकटीवर ताणलेल्या कापडाची एक राजवाड्याची भिंत होती, तिच्या मागे उभं राहून तेर्सिल्ला गारील्योने हे सगळं ऐकलं. हातात धुतलेल्या कपड्यांची टोपली होती, ती खाली ठेवायचंसुद्धा तिला सुचलं नाही. सकाळी गाडीवर बसताना ती मनाशी हसत होती. कोट बघून त्या चित्रांतल्या नटाचा, पाम्पालीनचा, चेहरा कसा होईल, हे भिंतीच्या फटीतून बघायचं, एवढ्याचसाठी ती आज थांबली होती. कारण कोट तिनेच धुतला होता.

तेर्सिल्ला बेर्तोल्लाची. तोरिनो शहराच्या कडेला, स्तुरा नदीच्या कालव्यांवर वसलेलं ते गाव सगळं धोबिणींचं. सोमवारी गाड्या जुंपायच्या, शहरात जायचं, धुतलेलं द्यायचं, मळलेलं उचलायचं. प्रत्येक घराच्या कपड्यांना आपल्या रंगाच्या दोऱ्याचा एक टाका, म्हणजे वकिलाची चड्डी डॉक्टरकडे जात नाही. शहरातल्या कुणाच्या घरात काय चाललंय हे पाद्र्याच्या आधी बेर्तोल्लाला कळायचं, पण गावाबाहेर कुणी अवाक्षर काढायचं नाही. आणि दुसरा नियम असा की कपडा जसा आला तसा परत द्यायचा नाही. डाग असला तर काढायचा, बटण तुटलं असलं तर लावायचं, फाटलं असलं तर शिवायचं, कुणी सांगो न सांगो. फाटका कपडा परत गेला तर मालकिणीची नाही, धोबिणीची अब्रू जाते. हे तिथल्या पोरींना चालायला लागायच्या आधी कळतं.

तेर्सिल्लाचं लग्न झालं नव्हतं. भाऊ आणि भावजय देल्फिना यांच्याकडे ती राहायची. एकदा जत्रेतल्या तंबूत देल्फिनाच तिला ओढून घेऊन गेली, भिंतीवर माणसं पळतात ती बघायला. तेर्सिल्लाने आधी पडदा म्हणून लावलेली चादर बघितली. चादर नीट धुतलेली नव्हती, एका कोपऱ्यात वाइनचा डाग होता. मग त्या डागातून एक काडीसारखा माणूस पळत आला, शिडीवर चढला, शिडीसकट पडला, उठून शिडीला सलाम केला आणि परत चढला. तेर्सिल्ला इतकी हसली की तिला बाहेर नेऊन पाणी पाजावं लागलं. त्या माणसाचं नाव पाम्पालीन. तिच्या डोक्यातून तो नंतर उतरला नाही.

तोरिनोत तेव्हा दोरा नदीकाठी काचेची मोठमोठी घरं होती, त्यात उन्हात ही चित्रं काढायचे. पाम्पालीनच्या काचघराचं धुणं गावातल्याच एका बाईकडे होतं आणि ती रोज रडायची, कारण तोरिनोत त्याहून घाण धुणं नव्हतं. चुना, अंडी, सूप, काजळी, रंग. तेर्सिल्लाने आपलं नोटरीचं घर आणि डॉक्टरांचं घर तिला दिलं आणि हे धुणं मागून घेतलं.

"नोटरीच्या घरचे रुमाल सोडून हा उकिरडा आणलास?" देल्फिना म्हणाली. "तो तुला ओळखतो तरी का?"

"त्याने कशाला ओळखायला पाहिजे?"

"नाही, नवरा करायचा असला तर ओळख असलेली बरी म्हणून विचारलं."

नवराबिवरा तिच्या मनात नव्हतं. तिला नुसतं बघायचं होतं. कपड्यांची मुख्य होती मादामा ओत्ताविया, नाकावर चष्मा, तोंडात टाचण्या, जिभेला धार. तिने एकदा दया येऊन तेर्सिल्लाला राजवाड्याच्या भिंतीमागे उभं राहू दिलं, आणि मग दर सोमवारी ते ठरूनच गेलं. बाहेरच्या माणसाला काचघरात येऊ द्यायचं नाही असा मालकांचा हुकूम होता. ओत्ताविया म्हणायची, धोबिणीला कुठे माणसात धरतात.

आता खरा पाम्पालीन कसा होता म्हणाल, तर आंबट. नाव एवाझिओ रोत्ता. पोटाचा त्रास, म्हणून दूध-पाव खाणार. काम नसलं की कोपऱ्यात स्टुलावर बसून भिंतीकडे बघणार. त्याला हसताना कुणी बघितलं नव्हतं. तरी तो समोरून आला की तेर्सिल्लाची जीभ टाळूला चिकटायची. एकदा तो म्हणाला, "बाई, जरा वाट देता?" तर तिने टोपलीसकट स्वतःला भिंतीत दाबून घेतलं आणि तोंडातून 'हो'सुद्धा निघालं नाही.

"चावणार नाही तो," ओत्ताविया म्हणायची. "दात दुखतात त्याचे."

कोटाचं झालं ते मागल्या सोमवारी. नव्या चित्रात पाम्पालीन भिकारी होता, अंगावर जुन्या बाजारातला लांब शेपट्यांचा कोट. कुत्रा एक शेपटी तोडून पळतो, तिथवर चित्र झालं होतं. ओत्ताविया कुणाची तरी मापं घ्यायला गेली होती आणि कोट खिळ्यावर होता. कोपर फाटलेलं, बटणं गळालेली, छातीवर सूप वाळून त्याची पपडी झालेली, आणि एका बाजूने शेपटीच्या जागी नुसते धागे लोंबत होते. चित्रात सगळं खोटं असतं हे तेर्सिल्लाला कळत नव्हतं असं नाही. पण कोट खरा होता. एवढं सगळं शहर ज्याच्यावर जीव टाकतं, त्याच्या कोटाकडे बघायला घरात कुणी नाही, एवढंच तिला दिसलं. तिने तो गाठोड्यात घातला.

मग आठवडाभर पाऊस. ऊन नाही म्हणून काचघर बंद, म्हणून कोटाची कुणाला आठवणही झाली नाही. इकडे बेर्तोल्लात तेर्सिल्लाने मळ सुटायला कॉलर बैलाच्या पित्ताने घासली, लोकर आहे म्हणून गरम पाण्याला शिवू दिली नाही, गोठ्यात गाईंच्या उबेत कोट वाळवला. काळा समजत होती तो पारव्याच्या रंगाचा निघाला. कोपर रफू केलं. राहिली शेपटी. तसं कापड कुठून आणायचं? पेटीच्या तळाशी तिच्या बापाचा लग्नातला कोट होता, जवळजवळ त्याच रंगाचा. तिने कात्री घेतली.

देल्फिना दारात उभी होती. तिने काही टोमणा मारला नाही, आणि तेर्सिल्लाला तेच जास्त लागलं.

आज ऊन पडलं. ओत्ताविया कपड्यांच्या खोलीत यायच्या आधी कोट तिने गुपचूप खिळ्यावर टांगला, आणि पुढचं सगळं झालं.

बोजेत्ती, म्हणजे चित्र काढणारा साहेब, दाणदाण पाय आपटत निघून गेला. तेर्सिल्लाने फटीतून पाहिलं. ओत्ताविया कोट मांडीवर घेऊन शेपटीचे टाके उसवत होती. चष्मा असूनही टाका तिला दिसत नव्हता, बोटांनी चाचपून बघत होती. कात्रीचं टोक लागायचं आणि निसटायचं. विधवा बाई, डोळे जात चाललेले. काचघराच्या मागची खोली हेच तिचं घर. इथून काढलेल्या बाईला दुसरीकडे सुई कोण देणार?

"बाहेर ये," ओत्ताविया वर न बघता म्हणाली.

तेर्सिल्ला बाहेर आली.

"हे टाके मला दिसत नाहीत, पण ओळखू येतात. घोडा बांधावा असं शिवलंयस. कुणी सांगितलं होतं?"

"कुणी नाही, मादामा."

"मग?"

"फाटला होता."

ओत्तावियाने चष्मा काढला, पुसला, परत घातला. "ऐक. अंगणात तुझी गाडी उभी आहे. टोपली ठेव आणि नीघ. मी तुझं नाव घेतलेलं नाही, घेणारही नाही. तुला मी आत घेते हे कळलं तर माझा गुन्हा दुप्पट होईल आणि तुझं तोंड या फाटकाला परत दिसणार नाही. एकीने बुडायचं ते दोघींनी कशाला?"

"पण तुम्ही..."

"माझं मी बघते. जा."

तेवढ्यात कुणीतरी येऊन कोट घेऊन गेलं. तेर्सिल्ला अंगणात गेली. खेचराचा लगाम हातात घेतला. फाटक उघडंच होतं. गेली असती तर पुढल्या सोमवारी परत येऊन भिंतीमागे उभी राहिली असती, पाम्पालीनला बघितलं असतं, आणि कपड्यांच्या खोलीत दुसरीच कुणी बाई बसलेली असती. दोरा नदीवरून धुक्याची पहिली रेघ उठत होती. ऊन जाणार होतं. तिने लगाम परत खुंटीला अडकवला.

काचघरात जाताना नेहमी भिंतीआडून जायचं. आज ती सरळ मधून चालत गेली.

मधोमध पाम्पालीन उभा होता, अंगात तोच कोट. कोटाला काजळी फासायचा प्रयत्न झाला होता, पण स्वच्छ लोकरीवर काजळी बसेना. इथे एक पट्टा, तिथे एक डाग, आजारी मांजरासारखा दिसत होता कोट. शेपटी तोडायला दोन माणसं लागली होती. एकाने कोट धरला, दुसऱ्याने शेपटी ओढली, दोघं उताणे पडले आणि शेपटी होती तिथेच. आपल्या कामावर फासलेली काजळी बघून तेर्सिल्लाचा हात आपसूक एप्रनकडे गेला, पुसायला. कॅमेरा चालवणारा गाउदेन्झिओ कॅमेऱ्याशेजारी उभा होता आणि चित्रापेक्षा जास्त वेळ छताच्या काचांकडे बघत होता.

"ऊन उतरतंय," तो म्हणाला.

"मला दिसतंय," बोजेत्ती ओरडला. "ही कोण? हिला आत कुणी सोडलं?"

तेर्सिल्लाने तोंड उघडलं. बोजेत्तीला सगळं सांगायचं होतं, पण त्याच्या शेजारी हातभर अंतरावर पाम्पालीन होता आणि तिच्याकडे बघत होता. शब्द आला नाही. तिने परत प्रयत्न केला. घशातून नुसती हवा.

मग तिने हात वर केले. खिळ्यावरून कोट काढला, हवेतलाच. छातीशी धरला. इकडे तिकडे बघून गाठोड्यात कोंबला. दगडावर आपटला, घासला, पिळला, पिळताना नेहमीसारखी जीभ दाताखाली धरली. सुईत दोरा ओवला, पहिल्यांदा गेला नाही, दोरा ओला केला, परत ओवला. शेपटी शिवली. दोरा दाताने तोडला. शेवटी स्वतःच्या छातीवर बोट ठेवलं, ओत्तावियाच्या खोलीकडे हात केला आणि मान हलवली, नाही, तिने नाही, मी.



"मुकी आहे का ही?" बोजेत्तीने विचारलं.

"फक्त त्याच्यासमोर," दारातून ओत्तावियाचा आवाज आला. ती मागोमाग आली होती. कात्री हातात होती, बहुतेक निघायच्या तयारीने उचललेली.

"म्हणजे तुम्हाला माहीत होतं. छान. दोघी बाहेर व्हा. आत्ताच्या आत्ता."

पाम्पालीन जागचा हलला नव्हता. तो हळूच म्हणाला, "गाउदेन्झिओ, आत्ता कॅमेरा फिरवलास का?"

"मला कुणी सांगितलं फिरवायला?"

"अरेरे." मग तो बोजेत्तीकडे वळला. "थांब जरा. कोट बदलला तो कसा बदलला, हे तुला दाखवायचंय ना? मग दाखव. मी भिकारी, पळतोय. वाटेत एक धोबीण. तिला माझा कोट सहन होत नाही. अंगावरून ओढून घेते, धुते, शिवते, देते. पुढे मी चकाचक कोटात. पोलीस येतो आणि मला सलाम करतो. कुत्रा येतो आणि मला ओळखत नाही."

बोजेत्तीने छताच्या काचांकडे एकदा बघून घेतलं. चित्राला शेवट सापडत नव्हता हे सगळ्यांना माहीत होतं, बोलत कुणी नव्हतं.

"आणि धोबीण कोण? नटीला बोलावून आणेपर्यंत अंधार पडेल."

पाम्पालीनने तेर्सिल्लाकडे बोट केलं.

"जमलं तर आपण सगळे वाचलो," बोजेत्ती म्हणाला. "नाही जमलं तर मघाशी बोललो ते बोललो, मादामा. बाई, इथे उभ्या राहा. कॅमेऱ्याकडे बघायचं नाही. हा येईल, तुम्ही कोट ओढून घ्यायचा. कळलं? आणि एवाझिओ, पाठ दाखवू नकोस, दुसरी शेपटी दिसेल."

गाउदेन्झिओने दांडा फिरवायला घेतला. पाम्पालीन पळत आला आणि तिच्यासमोर थांबला. तेर्सिल्लाने कॅमेऱ्याकडे बघितलं.

"बस. परत."

परत आला. या वेळी तिने कॅमेऱ्याकडे बघितलं नाही, पाम्पालीनकडे बघितलं, आणि तशीच राहिली. हात अंगाला चिकटलेले. इतक्या जवळून तिने त्याला कधी पाहिलं नव्हतं. डोळ्यांखाली चुन्यासारखी पावडर होती आणि पावडरीखाली माणूस फार दमलेला होता.

"बाई, कोट ओढा. ओढा कोट. बस. परत."

"एकदाच होईल आता," गाउदेन्झिओ म्हणाला. पलीकडच्या काचा धुक्याने पांढऱ्या झाल्या होत्या. जमिनीवर उन्हाचा एकच तुकडा उरला होता आणि तो सरकत होता. तुकडा जिकडे जाईल तिकडे त्यांनी तेर्सिल्लाला खांद्याला धरून सरकवलं, कपाट सरकवावं तशी.

ओत्तावियाने हे सगळं दारातून पाहिलं. मारामारीच्या चित्रांसाठी एका बादलीत चुना, काजळी आणि शिळं सूप कालवून ठेवलेलं असायचं. तिने कात्री खाली ठेवली आणि ती बादली उचलली.

"फिरव," बोजेत्ती म्हणाला.

पाम्पालीन पळत आला. उन्हाच्या तुकड्यात पाय ठेवला. आणि कॅमेऱ्याला दिसणार नाही अशा बाजूने सगळी बादली त्याच्या कोटावर येऊन पडली.

तेर्सिल्लाने कोटाकडे पाहिलं. कॉलरवरून घाण ओघळत खाली शेपटीपर्यंत गेली, बापाच्या कापडापर्यंत. मग तिला कॅमेरा दिसला नाही, बोजेत्ती दिसला नाही, आणि खरं सांगायचं तर पाम्पालीनही दिसला नाही. मळका कोट घातलेला एक माणूस दिसला.

"डुक्कर," ती म्हणाली. आवाज असा निघाला की अंगणातल्या खेचराने कान टवकारले. "डुक्कर आहेस तू. लाज नाही वाटत? आठवडाभर पावसात घासतेय मी हा. बैलाचं पित्त लावून लावून हाताची सालं गेली माझी. आणि हा उभा राहिलाय उकिरड्यासारखा. ही शेपटी कुणाची आहे ठाऊक आहे? माझ्या बापाच्या लग्नातली आहे. त्याने हा कोट एकदा घातला आणि जन्मभर जपला, आणि तू एक दिवस जपला नाहीस. काढ. काढ म्हणते ना."

ती त्याच्या अंगावर गेली. एक बाही धरली आणि ओढली, तो भोवऱ्यासारखा फिरला, पण एवढ्यातही पाठ कॅमेऱ्याकडे होऊ दिली नाही पठ्ठ्याने. दुसरी बाही अडकली तेव्हा तिने त्याच्या पाठीत गुद्दा घातला. कोट सुटला. ओल्या बाहीचा फटका त्याच्या गालावर बसला तो मुद्दाम होता की चुकून, यावर बेर्तोल्लात पुढे पुष्कळ वाद झाले. ती कोट बगलेत मारून तरातरा चालती झाली, उन्हाच्या तुकड्यातून बाहेर, आणि तिच्या मागोमाग ऊनही गेलं.

"बस," बोजेत्ती म्हणाला, अगदी हळू. "मिळालं का?"

"मिळालं," गाउदेन्झिओ म्हणाला.

काचघराच्या दाराशी पोचल्यावर तेर्सिल्लाला भान आलं. आपण कुणाला काय बोललो हे एकदम कळलं आणि तिने एप्रन तोंडावर ओढून घेतला. मागे पाम्पालीन गालावरचं सूप पुसत उभा होता. तो हसला नाही. "मुकी नाही मग," एवढंच म्हणाला, आणि स्टुलावर जाऊन बसला.

बोजेत्तीने ओत्तावियाकडे पाहिलं. "ती कात्री जागेवर ठेवा, मादामा. आणि बादली परत भरून ठेवा, उद्या लागेल."

ओत्ताविया खुर्चीवर बसली ती बराच वेळ उठली नाही.

कोट तेर्सिल्लाने परत धुतला. पुढल्या सोमवारी चकाचक कोटात उरलेलं चित्र झालं. कुत्र्याने खरंच पाम्पालीनला ओळखलं नाही, तसं त्याला शिकवावं लागलं नाही.

चित्र लागलं तेव्हा बेर्तोल्लाच्या बायका गाड्या भरून बघायला गेल्या. धोबीण पडद्यावर आली आणि थिएटर हसून फुटलं. हातवारे करून ती भिकाऱ्याच्या अंगावर धावून जात होती, तोंड उघडत होतं, मिटत होतं. मग पाटी आली. तेर्सिल्लाला वाचता येत नव्हतं, तेव्हा शेजारच्या भाचीने वाचून दाखवलं: "महाशय, आपला कोट धुण्याची अनुज्ञा असावी."

"असं म्हणालीस तू?" देल्फिनाने विचारलं.

"साधारण असंच."

"आणि गुद्दा?"

"तो बाही अडकली म्हणून."

तेर्सिल्लाला पुढे कुणी चित्रात घेतलं नाही, आणि कुणी घेतलं असतं तर ती घाबरून गाव सोडून गेली असती. मग लढाई आली. गाउदेन्झिओ परत आला नाही. पाम्पालीन आला, पण एक कान गेला होता, आणि लोक आता दुसऱ्या माणसांना हसत होते. काचघर बंद पडलं. त्याच्या काचा एका माळ्याने नेल्या आणि त्यांच्याखाली कोबी लावला. ओत्ताविया शेवटी बहिणीकडे राहायची. तिच्या चादरी तेर्सिल्लाच धुवायची, आणि ओत्ताविया बोटांनी टाके चाचपून म्हणायची, घोडा बांधलायस का गं इथेही.

एवाझिओ रोत्ता भाजीबाजाराजवळ एका खानावळीच्या वर राहायला लागला. एका थिएटरच्या दारात तिकिटं फाडायचं काम करायचा. त्याला कुणी ओळखायचं नाही. त्याचं धुणं मात्र त्याने कधी दुसऱ्या कुणाला दिलं नाही, आणि तेर्सिल्लानेही दुसऱ्या कुणाला घेऊ दिलं नाही. पिवळा दोरा त्याचा. सोमवारी ती जिना चढायची, धुतलेलं खुर्चीवर ठेवायची, मळलेलं उचलायची. तो विचारायचा, "मग, आज काही बोलणार का?" ती मान हलवायची. इतक्या वर्षांत तिने त्याला जे काय सांगितलं ते सगळं एकदाच सांगितलं होतं, त्या काचघरात, आणि त्यातला शब्दही पडद्यावर गेला नव्हता.

तिच्या शेवटच्या सोमवारी धुकं होतं. तो शेवटचा आहे हे तिला ठाऊक नव्हतं. तिच्या छातीत दुखत होतं, पण ते आठवडाभर दुखत होतं. जिन्यावर ती दोनदा टेकली. वर गेली, गाठोडं सोडलं, घड्या खुर्चीवर ठेवल्या, त्यात बटण लावलेला सदरा वरती.

"मग," तो म्हणाला, "आज काही बोलणार का?"

तिने मान हलवली. मग त्याच्या अंगातल्या कोटाकडे बघितलं. साधाच कोट होता, थिएटरवाल्यांनी दिलेला. कॉलरवर सूपाचा थेंब वाळला होता. तिने त्या थेंबाकडे बघितलं आणि मग त्याच्याकडे.

त्याने दोन्ही हात वर केले, शरण आल्यासारखे. मग एक बाही काढली, दुसरी काढली, आणि काढता काढता हळूहळू गोल फिरला, म्हाताऱ्या गुडघ्यांवर जपून, पाठ तिच्याकडे होऊ न देता.

तेर्सिल्लाने कोट घेतला, खिसे तपासले, त्यातली फाटलेली तिकिटं काढून टेबलावर ठेवली, कोट गाठोड्यात सगळ्यात वर घातला आणि गाठ मारली. खाली खेचर उभं होतं. गाठोडं गाडीत टाकून ती बसली, आणि न सांगताच खेचराने गाडी बेर्तोल्लाच्या वाटेला लावली.